कॅमेरामनने लिहावं का? आल्मेंद्रोसच्या निमित्ताने

तुमचा प्रश्न थोडक्यात असा, की तुम्ही मुंबईत फोकस पुलर, म्हणजे शूटच्या वेळी लेन्सचा फोकस सांभाळणारे कॅमेरा असिस्टंट आहात, वय २९, कामाच्या मधल्या काळात सिनेमावर लिहिता, दोन दिवाळी अंकांत लेखही आलेत, आणि ज्यांच्या हाताखाली काम करता ते डीओपी, म्हणजे मुख्य कॅमेरामन, म्हणाले की हे लिखाणबिखाण बंद कर, लिहिणाऱ्या माणसाला सेटवर कोणी सीरियसली घेत नाही. त्यावर तुम्ही नेस्तोर आल्मेंद्रोसचं उदाहरण देताय, की हा युरोपातला एवढा मोठा सिनेमॅटोग्राफर, ऑस्करवाला, त्याने पुस्तकही लिहिलं, मग त्याला कसं जमलं आणि आपल्याकडे जमेल का.

मी सीरियलपासून सुरुवात केली, मग जाहिराती, आता जास्त करून मराठी सिनेमे आणि मधूनमधून हिंदी वेबसिरीज करतो. लिहितोही, पण कमी. त्यामुळे जे सांगतोय ते याच कामाच्या अनुभवावरून, आणि आल्मेंद्रोस माझा आवडता माणूस असल्यामुळे जरा लांबण लागेल, सांभाळून घ्या.

पहिलं म्हणजे वेळ मिळेल का हा तुमचा प्रश्न नाहीये असं मला वाटतं. फोकस पुलरला शेड्यूल संपल्यावर रिकामे आठवडे मिळतातच, तेव्हा लिहिता येतं, तुम्ही लिहिलंही आहे. भीती वेगळी आहे. लिहिलं की लोक आपल्याला 'समीक्षक' म्हणतील, दिग्दर्शक बिचकेल की हा उद्या माझ्याबद्दल लिहील, आणि काम जाईल. ही भीती अगदीच खोटी नाही. पण ती सगळ्या लिखाणाला सारखी लागू होत नाही, आणि आल्मेंद्रोसच्या आयुष्यात दोन्ही बाजू दिसतात, लिखाणामुळे काम गेलेलंही आणि ज्या वर्तुळात लिहिणाऱ्यांना मान होता तिथे काम मिळालेलंही. म्हणून उदाहरण चांगलं निवडलंत, फक्त अर्धंच बघितलंत.

तुम्ही त्याला 'आधी कॅमेरामन, मग लेखक' असं धरून चाललाय. क्रम उलटा आहे. हा बार्सिलोनाचा, १९३० चा जन्म. वडील शिक्षणक्षेत्रातले, स्पेनच्या यादवी युद्धात हुकूमशहा फ्रँको जिंकल्यावर त्यांना देश सोडावा लागला, ते क्युबाला गेले आणि १९४८ मध्ये मुलगाही त्यांच्याकडे हवानाला पोचला. तिथे युनिव्हर्सिटीत शिकला काय, तर तत्त्वज्ञान आणि साहित्य. म्हणजे आपल्याकडे आर्ट्सला गेलेलं पोरगं असतं तसं. सिनेमाचं वेड आधीपासूनच, म्हणून मित्रांबरोबर फिल्म क्लब काढला, आणि मित्र पण कोण, तर गिलेर्मो काब्रेरा इन्फान्ते, जो पुढे मोठा कादंबरीकार झाला, आणि तोमास गुतिएरेस आलेआ, जो पुढे क्युबाचा सगळ्यात नावाजलेला दिग्दर्शक झाला. या आलेआबरोबर त्याने काफ्काच्या एका छोट्या गोष्टीवर ८ एमएमवर फिल्म केली. मग न्यूयॉर्कला सिनेमाचं थोडं शिक्षण, मग रोमच्या फिल्म स्कूलमध्ये, मग अमेरिकेत एका कॉलेजात स्पॅनिश शिकवायची नोकरी. १९५९ ला कॅस्ट्रोची क्रांती झाली तेव्हा परत क्युबात आला, सरकारी फिल्म संस्थेसाठी डॉक्युमेंट्री केल्या, आणि 'बोहेमिया' नावाच्या साप्ताहिकात सिनेमाची परीक्षणं लिहायला लागला.

म्हणजे तिशीत हा माणूस मुख्यतः काय होता? समीक्षक. हातात कॅमेरा होता, पण नाव होतं ते लिखाणामुळे.

आणि तिथेच फटका बसला. १९६१ मध्ये हवानाच्या बंदराजवळच्या बारमधली रात्र दाखवणारी 'पी. एम.' नावाची छोटी फिल्म आली, लोक पितायत, नाचतायत, बस्स एवढंच, क्रांतीबिंती काही नाही. सरकारने तिच्यावर बंदी घातली, आणि ते प्रकरण एवढं वाढलं की खुद्द कॅस्ट्रोला लेखक-कलावंतांची बैठक घेऊन भाषण करावं लागलं. आल्मेंद्रोसने या फिल्मबद्दल कौतुकाने लिहिलं होतं. त्याची परीक्षणाची जागा गेली, आणि त्याच वर्षी तो पॅरिसला निघून गेला.

तुमच्या सीनियरांना हा किस्सा सांगितलात तर ते म्हणतील, बघ, मी काय म्हणत होतो! पण नीट बघा, काम कशामुळे गेलं. कॅमेऱ्यावर लिहिल्यामुळे गेलं नाही. दुसऱ्याच्या फिल्मवर, अशा ठिकाणी जिथे त्या फिल्मबद्दल मत असणंच धोक्याचं होतं, तिथे खरं मत दिल्यामुळे गेलं. आपल्याकडे प्रमाण वेगळं, पण जात तीच आहे. तुम्ही आज ज्यांच्याकडे काम करता किंवा उद्या कराल त्यांच्या ताज्या सिनेमाचं परीक्षण लिहिलंत तर फोन यायचे बंद होऊ शकतात. मराठी इंडस्ट्री तर एवढीशी आहे की संध्याकाळपर्यंत बातमी पोचते. म्हणून मी स्वतः चालू सिनेमांवर, त्यातही ओळखीच्या लोकांच्या, लिहितच नाही. याला कोणी भित्रेपणा म्हणेल, म्हणो. मला त्या लोकांबरोबर पहाटे चार वाजता घाटात उभं राहायचं असतं.

आता पॅरिस. इथे तीन-चार वर्षं हातात धड काही नव्हतं. परदेशी माणूस, ओळखी कमी. त्याला ब्रेक कसा मिळाला ही गोष्ट आपल्या लाईनमधल्या कोणालाही पटेल अशी आहे. फ्रेंच दिग्दर्शक एरिक रोमेर पॅरिसवरच्या एका अनेक-दिग्दर्शकी सिनेमातला आपला भाग शूट करत होता, १९६४ च्या आसपास, निर्माता बार्बे श्रोडर. आल्मेंद्रोस नुसता बघायला जाऊन उभा राहिलेला. कॅमेरामन मध्येच सोडून गेला. हा म्हणाला, मी कॅमेरामन आहे. दुसरा कोणी हाताशी नव्हता म्हणून लावलं, रशेस, म्हणजे रोजच्या शूटच्या कच्च्या प्रिंट, आवडले, राहिला. तेव्हा वय ३३-३४. त्यानंतरही लगेच रांग लागली नाही, शाळांसाठीच्या शैक्षणिक टीव्हीच्या डॉक्युमेंट्री करत बसला होता, आणि पहिली फीचर, म्हणजे पूर्ण लांबीची फिल्म, रोमेरचीच 'ला कोलेक्सिओनूज', १९६६ च्या उन्हाळ्यात, वयाच्या ३५ व्या वर्षी. तुम्ही २९ ला उशीर झाला म्हणताय म्हणून हे आकडे मुद्दाम दिले.

पण एक गोष्ट त्याच्या बाजूने होती जी तुमच्या बाजूने असेलच असं नाही, ती सांगायला हवी. रोमेर आणि पुढे ज्याच्याबरोबर त्याने बरेच सिनेमे केले तो फ्रांस्वा त्रुफो, हे दोघंही मुळात समीक्षक. दोघंही 'काइए द्यु सिनेमा' या फ्रेंच मासिकात लिहून मग दिग्दर्शनात आलेले. अशा लोकांसमोर जो कॅमेरामन जुन्या मूकपटांबद्दल, चित्रकारांबद्दल बोलू शकतो, या सीनमध्ये दिवा का नको हे दोन वाक्यांत सांगू शकतो, त्याचं वजन वाढतंच. तोच माणूस त्या वेळच्या एखाद्या टिपिकल स्टुडिओत गेला असता तर फार बोलतो म्हणून बाहेर बसवला असता. त्यामुळे 'आपल्याकडे जमेल का' याचं उत्तर मी देणार नाही, ते तुम्ही कोणाबरोबर काम करता यावर आहे. डेली सोपच्या सेटवर दिवसाला ठरलेली मिनिटं काढायची असतात, तिथे गोगँसारख्या फ्रेंच चित्रकाराची चर्चा कोणालाही नकोय. पण मराठीत गेल्या पंधरा-वीस वर्षांत असे दिग्दर्शक नक्की आलेत जे स्क्रिप्ट पाठवल्यावर पहिल्या भेटीत विचारतात की तुला ही गोष्ट कशी दिसते, आणि तिथे ज्याला शब्दांत सांगता येतं त्याचा फायदा होतो. मला निदान दोन सिनेमे असेच मिळालेत, शोरील, म्हणजे केलेल्या कामाचे निवडक तुकडे, बघून नाही तर स्क्रिप्टवर लिहून पाठवलेल्या पानभर टिपणावरून.

गोगँचं नाव उगाच नाही घेतलं. 'क्लेअर्स नी' करताना रोमेरला गोगँच्या चित्रासारखा भाव हवा होता, सपाट स्वच्छ रंग, मागे निळे डोंगर, सरोवर. 'माय नाईट अ‍ॅट मॉड्स' हाही रोमेरचाच, पण ब्लॅक अँड व्हाइट, तर सेटवरच्या वस्तू, भिंती, कपडे हेच काळ्या-पांढऱ्या-करड्यात ठेवले, म्हणजे कॅमेऱ्यात काय येणार ते डोळ्यांना आधीच दिसावं. हे निर्णय दिव्यांचे नाहीत, विचाराचे आहेत. आणि विचार शब्दांतून होतो, निदान बऱ्याच लोकांचा.

इथे माझा मुख्य मुद्दा येतो. लिखाणाचा आल्मेंद्रोसला खरा उपयोग प्रसिद्धीसाठी झाला नाही, तो कारण शोधण्यासाठी झाला. त्याची पद्धत सांगायची तर, प्रत्येक जागेत गेल्यावर पहिला प्रश्न, इथे खऱ्या आयुष्यात उजेड कुठून येतो? खिडकीतून? मग खिडकीतूनच आला पाहिजे. दिवा लागलाय? मग त्या दिव्यातून. त्या काळी सेटवर सर्रास काय चालायचं, तर चेहऱ्यावर एक मुख्य दिवा म्हणजे की लाईट, मागून केसांवर बॅकलाईट, सावल्या भरायला एक फिल, मग खोली कुठलीही असो, वेळ कुठलीही असो. नट चालला की भिंतीवर तीन सावल्या. हे त्याला डोळ्यांत खुपायचं, कारण वर्षानुवर्षं तो हेच प्रेक्षक म्हणून आणि पुढे समीक्षक म्हणून बघत आलेला. 'ला कोलेक्सिओनूज'मध्ये पैसे नव्हते, सेंट-ट्रोपेजजवळचं एक घर, तिथे त्याने आरशांनी बाहेरचं ऊन आत घेतलं आणि छताला-भिंतींना आपटून मऊ केलं. बहुतेक शॉट एकाच टेकमध्ये, कारण निगेटिव्ह, म्हणजे शूटची कच्ची फिल्म, मोजून आणलेलं. बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात त्या सिनेमाला सिल्व्हर बेअर पुरस्कार मिळाला.

(जाता जाता, उजेड आपटून मऊ करायची ही आयडिया फक्त फ्रेंचांची नाही बरं का. आपल्या सुब्रत मित्रांनी, म्हणजे सत्यजित रायांच्या कॅमेरामनने, 'अपराजितो'च्या वेळी, सिनेमा १९५६ चा, स्टुडिओत बांधलेल्या बनारसच्या घराच्या अंगणावर पांढरं कापड ताणून त्यावरून उजेड खाली पाडला होता. म्हणून कोणी बाऊन्स लाईटिंग युरोपातून आलं असं सांगितलं की मला राग येतो.)

माझ्या कामातलं एक उदाहरण देतो, म्हणजे 'लिहिण्याचा लाईटिंगशी काय संबंध' हे हवेत राहणार नाही. वाईकडे एका जुन्या वाड्यात शूट होतं. माजघर, अंधारं, एक छोटा झरोका, आणि अंगणाकडे उघडणारं दार. सीन सकाळचा, आजी सुपात तांदूळ निवडत बसलीये आणि नात येऊन काहीतरी सांगते. लाईट टीमने सवयीने दारातून मोठा एचएमआय, म्हणजे उन्हासारखा उजेड देणारा दिवा, मारायची तयारी केली, पुढे उजेड मऊ करायला बटर पेपर, चेहऱ्याच्या उंचीवर. दिसायला ठीकच दिसलं असतं. मी आदल्या दिवशी रेकीनंतर, म्हणजे जागा बघून झाल्यावर, वहीत जागेवर बसून दोन-चार ओळी लिहिल्या होत्या, त्यात एक वाक्य असं होतं, 'दहा वाजता ऊन अंगणातल्या फरशीवर पडतं, आत येतं ते तिथून उसळून, म्हणजे खालून वर, आढ्याचा खालचा भाग उजळतो आणि कोनाडे अंधारात राहतात.' लिहिलं नसतं तर हे माझ्या लक्षात आलं नसतं, कारण डोळ्यांना खोली नुसती 'अंधारी' दिसत होती. मग आम्ही दिवा आत मारलाच नाही. अंगणात फ्रेमच्या बाहेर फरशीवर पांढऱ्या चादरी अंथरल्या, एचएमआय वरून त्या चादरींवर मारला, आणि जो उजेड उसळून दारातून आत आला तो सुपावर, हातांवर, हनुवटीखाली. आजीच्या चेहऱ्याची एक बाजू जवळजवळ काळी. डायरेक्टर आधी घाबरला, चेहरा दिसत नाही म्हणाला, मॉनिटरवर दोनदा बघितल्यावर गप्प बसला. लाईटमन दादा मात्र शेवटपर्यंत म्हणत होते की सर, थोडा थर्मोकोल तरी लावू या ना इकडून, चेहऱ्यावर उजेड परतवायला.

तर लिहा म्हणजे मी हे लिहा म्हणतोय. बघितलेली गोष्ट क्रियापदासकट लिहिली की उजेड कुठून निघतो, कशावर पडतो, कुठे थांबतो हे सांगावंच लागतं, 'मूडी लायटिंग' लिहून सुटका होत नाही. छापायचं की नाही हा नंतरचा प्रश्न.

आता 'डेज ऑफ हेवन', कारण ऑस्कर त्याचा, आणि कारण त्यात लिहिणाऱ्या कॅमेरामनला शिकण्यासारखं एक अवघड प्रकरण आहे. सिनेमा १९७८ चा, पण शूट १९७६ ला, कॅनडातल्या अल्बर्टात, गोष्ट टेक्सासमधली पहिल्या महायुद्धाच्या काळातली. दिग्दर्शक टेरेन्स मॅलिक. दोघांनाही मूकपट आवडायचे, दोघांनाही कमीत कमी दिवे हवे होते. अमेरिकन क्रू मात्र हॉलिवूड पद्धतीत तयार झालेला, त्यांनी लाईट लावून ठेवायचे आणि हा येऊन एकेक बंद करायला सांगायचा. काहींना वाटलं याला काम येत नाही, काही सोडूनही गेले. सिनेमाचा बराच भाग सूर्य बुडाल्यानंतरच्या वेळात घेतला. तो वेळ किती, तर वीसेक मिनिटं. दिवसभर तयारी करायची, रिहर्सल करायची, सूर्य गेला की धावपळ. निगेटिव्ह १०० एएसएचं, म्हणजे उजेडाला कमी संवेदनशील, आजच्यासारखं ३२०० लावून निवांत बसायची सोय नाही. उजेड कमी होत जाईल तसतशी जास्त उघडणारी लेन्स लावायची, शेवटी दिवसाच्या उजेडासाठी लावलेला ८५ नंबरचा नारिंगी फिल्टरही काढून टाकायचा म्हणजे दोन तृतीयांश स्टॉप, म्हणजे तेवढा उजेड, वाचतो, आणि लॅबला पुश करायला, म्हणजे फिल्म जास्त वेळ डेव्हलप करायला, सांगायचं. फिल्टर काढल्यावर निळसर झालेलं प्रिंटिंगमध्ये सावरून घ्यायचं. कंदिलांच्या सीनमध्ये कंदिलात बल्ब आणि बॅटरी नटांच्या कपड्यांत लपवलेली. टोळधाडीच्या सीनमध्ये हेलिकॉप्टरमधून शेंगदाण्याची टरफलं खाली टाकली, नट उलटे चालले आणि फिल्म उलटी फिरवली, म्हणून टोळ उडाल्यासारखे वर जातात. हे सगळं आजच्या व्हीएफएक्सशिवाय, म्हणजे कॉम्प्युटरच्या करामतींशिवाय.

प्रकरण असं, की शेड्यूल लांबलं आणि आल्मेंद्रोसने त्रुफोच्या पुढच्या सिनेमाला शब्द दिलेला होता. तो निघून गेला. उरलेलं काम हास्केल वेक्सलरने केलं, तो स्वतः तेव्हाच एक ऑस्कर मिळवलेला मोठा कॅमेरामन. पण श्रेयनामावलीत त्याचं नाव आलं 'अ‍ॅडिशनल फोटोग्राफी' म्हणून, आणि १९७९ चं ऑस्कर एकट्या आल्मेंद्रोसला. वेक्सलरला हे लागलं, त्याचं म्हणणं अर्ध्याहून जास्त सिनेमा मी शूट केलाय. कोण किती बरोबर यात मी पडत नाही. पण तुम्ही कॅमेऱ्यावर लिहिणार असाल तर हे लक्षात ठेवाच, की आपल्या कामात 'हे मी केलं' असं वाक्य जवळजवळ कधीच पूर्ण खरं नसतं. आल्मेंद्रोसच्या पुस्तकात मला आवडतं ते हे, की तो सतत सांगतो ही कल्पना रोमेरची, ही त्रुफोची, इथे वेक्सलर आला आणि त्याने असं सांभाळलं. तुम्ही फोकस पुलर आहात, तुम्हाला तर माहितीच आहे की डीओपीच्या गाजलेल्या शॉटमध्ये फोकस पुलरचा, ट्रॉली-क्रेन सांभाळणाऱ्या ग्रिपचा, लाईट टीमच्या प्रमुखाचा म्हणजे गॅफरचा वाटा किती आणि मुलाखतीत त्यांचं नाव किती वेळा येतं ते. उद्या तुम्ही लिहिताना ती नावं घेतलीत तर निदान सेटवरची माणसं तुमच्या लिखाणाला घाबरणार नाहीत.

पुस्तक कधी आलं हेही बघा. फ्रेंचमध्ये १९८० ला, मग स्पॅनिश, मग १९८४ ला इंग्रजीत 'अ मॅन विथ अ कॅमेरा'. म्हणजे पहिल्या फीचरनंतर चौदा-पंधरा वर्षांनी. ऑस्कर झालेलं, 'क्रेमर व्हर्सेस क्रेमर' झालेला. प्रस्तावना त्रुफोची. रचना साधी, आधी थोडं आयुष्य आणि आपले विचार, मग एकेक सिनेमा घेऊन त्यात काय अडचण होती आणि कशी सोडवली. यातून मी घेतो ते असं, की दोन वेगवेगळी कामं आहेत. टिपणं काढायची ती आत्ता, रोज, शूटच्या रात्री झोप येत असली तरी चार ओळी. छापायचं ते सिनेमा रिलीज झाल्यावर, धुरळा बसल्यावर, आणि दिग्दर्शकाला वाचायला देऊन. हल्ली तर करारातच गुप्ततेचं कलम असतं, ओटीटी प्लॅटफॉर्मच्या कामात जास्तच, सेटवरचा मोबाईलने काढलेला फोटोसुद्धा टाकता येत नाही. ते कलम वाचा, समजलं नाही तर प्रॉडक्शनला मेल करून लेखी विचारा, तोंडी 'चालतंय की' यावर जाऊ नका. आणि असिस्टंट असेपर्यंत ज्या डीओपीचं काम आहे त्याच्या कामाबद्दल त्याला न विचारता एक ओळ लिहायची नाही, हा माझा नियम आहे आणि तो मी माझ्या असिस्टंटनाही सांगतो. कदाचित तुमच्या सीनियरांना एवढंच म्हणायचं असेल. एकदा चहा पिताना विचारून बघा.

बाकीचे लिहिणारे कॅमेरामन पण आहेत. हंगेरीत जन्मलेला जॉन ऑल्टन, त्याचं १९४९ चं पुस्तक जवळजवळ पाठ्यपुस्तकच आहे, दिवा कुठे लावायचा, चेहरा कसा उजळायचा. फ्रान्सचा आँरी आलेकाँ, त्याचं जाडजूड पुस्तक उजेड-सावलीवर, चित्रकलेसकट. ब्रिटनचा जॅक कार्डिफ, त्याचं आत्मचरित्र, किस्से भरपूर, मजा येते. या तिघांत आणि आल्मेंद्रोसमध्ये फरक मला असा वाटतो की तो प्रेक्षकाच्या खुर्चीतून कधी पूर्ण उठलाच नाही. कॅमेऱ्यामागे असतानाही तो बघणाऱ्याच्या बाजूने भांडतोय असं वाटतं.

न लिहिल्याने काय होतं त्याचं उदाहरण आपल्या घरचंच आहे. योसेफ विर्शिंग, म्युनिकचा जर्मन, १९२५ च्या सुमारास 'लाईट ऑफ एशिया' या मूकपटासाठी पहिल्यांदा भारतात आला, मग मालाडच्या बॉम्बे टॉकीजचा कॅमेरामन झाला, दुसऱ्या महायुद्धात जर्मन म्हणून नजरकैदेत राहिला, नंतर 'महल' केला, 'पाकीजा'वर काम करत असताना १९६७ ला वारला. त्याने काढलेले सेटवरचे हजारो फोटो कुटुंबाने जपले, गोव्यात त्यांचं प्रदर्शनही झालं. त्या फोटोंवरून दिवा कुठे होता, रिफ्लेक्टर कुठे होता हे दिसतं. तिथेच का होता, हे मात्र आपण अंदाजानेच बोलतो. 'महल'मधला तो अंधार कसा ठरला, दिग्दर्शक कमाल अमरोहींशी काय बोलणं झालं, हे त्याच्या शब्दांत चार पानं जरी हाताशी असती तर पुण्या-मुंबईत कॅमेरा शिकणाऱ्या पोरांना केवढा आधार झाला असता.

आल्मेंद्रोसचं पुढे काय झालं हे राहिलं. अमेरिकेत चांगलं चाललेलं, 'सोफीज चॉईस'पर्यंत आणखी ऑस्कर नामांकनं, आणि त्याच वेळी तो परत क्युबाच्या विषयाकडे वळला. १९८४ ला ओर्लांदो हिमेनेस लेआलबरोबर, जो त्या बंदी घातलेल्या 'पी. एम.'च्या दोघा कर्त्यांपैकी एक, क्युबात समलिंगी लोकांच्या आणि इतरांच्या झालेल्या छळावर डॉक्युमेंट्री केली, नंतर तिथल्या राजकीय कैद्यांवर आणखी एक. १९६१ ला परीक्षणात जे म्हणून काम गेलं ते विसरला नव्हता. १९९२ ला न्यूयॉर्कमध्ये एड्सशी संबंधित आजाराने गेला, वय फक्त ६१. ह्यूमन राइट्स वॉचने धाडसी फिल्ममेकिंगसाठी त्याच्या नावाने पुरस्कार ठेवला. कॅमेरामनच्या नावाने मानवी हक्कांचा पुरस्कार, असं दुसरं उदाहरण मला चटकन आठवत नाही.

पैशाचं विचारलंत म्हणून, लिखाणावर घर चालत नाही, मराठीत तर नाहीच. दिवाळी अंकाच्या मानधनात एक चांगला फिल्टरही येणार नाही. फोकस पुलिंग सोडू नका, आणि डीओपी म्हणून पहिलं काम येईल तेव्हा तुमचे लेख कोणी बघणार नाही, शोरीलच बघणार, हेही धरून चाला. शॉर्ट फिल्म करा, वाईट बजेटची करा, पण स्वतःच्या लाईटिंगची करा. लेखांचा उपयोग झाला तर दुसऱ्या-तिसऱ्या कामाला होईल, तोही योग्य दिग्दर्शक भेटला तर.

इंग्रजीत लिहू की मराठीत हा तुमचा शेवटचा प्रश्न. कॅमेऱ्यावर इंग्रजीत ढीगभर आहे, मराठीत मूठभर. आणि तुमच्या सेटवरचे लाईटमन, अटेंडंट, ग्रिप, यातले बरेच जण मराठी वाचतात, त्यांना वाचता येईल असं लिहिलंत तर तुमच्या चुका लगेच कळतील, कारण ते सांगतील. मी मराठीत लिहितो ते याच कारणाने. पुढच्या दिवाळीसाठी द्यायचं असेल तर मे-जूनमध्येच संपादकांशी बोलून ठेवा, ऑगस्टनंतर पानं भरलेली असतात, आणि विषय म्हणून 'ला कोलेक्सिओनूज'मधल्या खोल्यांतला उजेड घ्या, त्यावर मराठीत कोणी सविस्तर लिहिलेलं मी तरी वाचलेलं नाही. फोटो हवे असतील तर स्टिल्सच्या हक्कांचं आधी बघा, नाहीतर सरळ स्केच काढून द्या, खिडकी कुठे आणि आरसा कुठे एवढं दाखवलं तरी पुरतं.